सशाचा माइक आणि गुणगुणणारी

“ताई, आधी माइक काढून घ्यायचा, मग माणसाला सोडायचं. उलटं कधीच करायचं नाही!”

हे वाक्य आमच्या कानाने मला इतक्या वेळा ऐकवलं आहे, की ते सुरू झालं की मी आपोआप खिडकीबाहेर बघायला लागते. कान म्हणजे आमचा ध्वनिमुद्रक. त्याच्या आईवडिलांनी त्याला चांगलं भारदस्त नाव ठेवलं आहे, पण कामावर सगळे त्याला कानच म्हणतात आणि तोही मुकाट्याने ओ देतो. मी कॅमेरा, तो कान. संपला आमचा लवाजमा! आम्ही दोघं आसपासच्या लोककथांवर आणि न उलगडलेल्या गोष्टींवर माहितीपट काढतो. आपोआप वाजणारी घंटा, रडणारी विहीर, रिकाम्या वर्गातून येणारी पावलं. पहिला अर्धा तास आम्ही प्रेक्षकांना घाबरवतो आणि शेवटी मी कोडं उलगडून दाखवते. घंटेमागे वटवाघूळ निघतं, विहिरीमागे फुटका पाइप निघतो. आजवर एकही भूत माझ्या तावडीतून सुटलेलं नाही!

तर त्या दिवशीही मी त्याला ऐटीत म्हणाले, “मला नको रे शिकवूस! मी रांगत्या मुलाची आई आहे. ज्या बाईच्या नजरेतून फरशीवरचं शर्टाचं बटण सुटत नाही, तिच्या नजरेतून माइक सुटेल?”

सुटला.

पण आधी सशाबद्दल सांगायला हवं. आमचे चिरंजीव झोपले, की ते श्वास घेताहेत ना, हे बघायला मी जाते. नाकाखाली बोट धरते. बोट गार असतं. चिरंजीव दचकून उठतात आणि श्वास घेत असल्याचा पुरावा सगळ्या इमारतीला देतात! बघायला जावं तर बाळ जागं, न जावं तर माझा जीव टांगणीला. शेवटी मी कामाचा एक बिनतारी माइक त्याच्या कापडी सशाच्या कानाला अडकवला, डबी सशाच्या पोटाला बांधली आणि आवाज पकडणारं यंत्र स्वयंपाकघरात फ्रिजवर ठेवून त्याला छोटा स्पीकर जोडला. आता भाजी चिरता चिरता मला बाळाचा श्वास ऐकू यायचा. सासूबाई म्हणाल्या, “आमच्या वेळी पोरं अशीच वाढली हो. सशाच्या कानाखाली यंत्र नव्हतं!” पण त्याही येता-जाता स्पीकरला कान लावतात. मी बघितलंय.

त्या दिवशी सकाळी आमच्याच इमारतीत शूटिंग होतं. तळमजल्यावर टेलिफोनआजी राहतात. एकट्या. त्यांनी सगळी नोकरी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये तारा जोडण्यात काढली. अजूनही घरात जुना काळा फोन आहे आणि त्याची रिंग अशी की भिंतीचा पोपडा पडावा. आमच्या गल्लीतली ‘गुणगुणणारी’ची गोष्ट त्यांच्याइतकी रंगवून कुणी सांगत नाही, म्हणून आम्ही दोन मजले उतरून त्यांच्याकडे गेलो.

माइक लावायला बघतो तर वायर तुटलेली! नीट पाहिलं तर तुटलेली नव्हती, चावलेली होती. चिरंजीवांना दात येताहेत.

“ताई,” कान म्हणाला, “ही पन्नास माणसांच्या मुलाखती घेतलेली वायर होती.”

“आणि एका माणसाने ती खाल्ली. थांब, सशाचा आणते!”

मी वर पळाले, सशाच्या कानाचा माइक काढला, खाली आले आणि आजींच्या स्वेटरला लावला. डबी त्यांच्या स्वेटरच्या खिशात टाकली. तिचा आवाज पकडणारं दुसरं यंत्र कानाच्या बॅगेत होतंच. आजी सावरून बसल्या आणि सांगू लागल्या.

“गुणगुणणारी दिसत नाही. ऐकू येते. आईचं लक्ष उडालं ना, की ती बाळाच्या उशाशी येऊन बसते. आधी गुणगुणते. मग बाळाशी गोड गोड बोलते. आणि शेवटी विचारते, ‘कुणी आहे का?’”

“मग?” कॅमेऱ्यामागून मी.

“मग काय, उत्तर द्यायचं नाही! जो ‘आहे’ म्हणेल, त्याच्या घरी ती कायमची राहायला येते.” आजींनी डोळे मोठे केले आणि लगेच नेहमीच्या आवाजात विचारलं, “बरं झालं का? की परत सांगू? मघाशी ‘उशाशी’ला मी अडखळले.”

तेवढ्यात वरून चिरंजीवांनी भोंगा लावला. सासूबाईंचा आवाज आला, “अगं, याला भूक लागलीये! मी काय करू, गोष्ट सांगू?” मी कॅमेरा काखेत मारला, त्याची तिपाई खांद्यावर टाकली आणि निघाले. कानाला दुसरं काम होतं. तो बॅग उचलत ओरडला, “ताई, माइक!”

“मी बघते रे! तू जा!”

हात इतके भरलेले होते, की आजींचं दार मी पायाने ओढून घेतलं. कुलूप लागलं का, हेही बघितलं नाही. माइक तर डोक्यातही नव्हता. एका सकाळीत दोन घोडचुका! तुम्ही हसा, पण या दोन चुका ध्यानात ठेवा. त्यांची मी आयुष्यभर ऋणी आहे.

दुपारी चिरंजीव जेवले, मला जेवू न देता खेळले आणि झोपले. मी त्यांच्या कुशीत ससा दिला, पाय न वाजवता स्वयंपाकघरात आले, स्पीकर चालू केला आणि भांडी विसळायला घेतली.

स्पीकरमधून गुणगुणणं ऐकू आलं.

बाईचा आवाज. म्हातारा, घोगरा, इतका जवळून की ओळखूही येईना. माझ्या हातातली ताटली साबणासकट तशीच राहिली.

“काय रे, जागा आहेस का?” आवाज लाडात म्हणाला. “केवढा वाढलास रे! कालपर्यंत एवढुस्सा होतास!”

आमच्या घरात म्हातारी बाई एकच, ती बाहेरच्या खोलीत टीव्हीसमोर घोरत होती. मी ताटली टाकली आणि बाळाच्या खोलीकडे धावले. दार उघडलं. खोलीत कुणी नाही! खिडकी बंद. चिरंजीव शांत झोपलेले, ससा त्यांच्या पोटाखाली चिरडलेला. मी बोट नाकाखाली धरलं. गार, ओलं, साबणाचं बोट! चिरंजीव उठले. मी त्यांना उचललं आणि स्वयंपाकघरात आणलं.

बाळ माझ्या कडेवर होतं आणि तरीही आवाज बाळाशी बोलत होता!

“इथे काही तुझं भलं व्हायचं नाही. ऊन नाही, वारा नाही, कुणाचं लक्ष नाही.”

आता मात्र मला रागच आला. भूत झालं म्हणून काय झालं, इतका धादांत खोटा आरोप? माझं लक्ष नाही? माझं?

“उद्या तुला इथून उचलते आणि घेऊनच जाते,” आवाज म्हणाला. “पण आधी जरा कापायला हवं.”

राग गेला. मी फ्रिजला टेकून तशीच खाली बसले आणि नवऱ्याला फोन लावला. त्याचं चष्म्याचं दुकान आहे.

“लगेच घरी ये! बाळाच्या खोलीत बाई आहे!”

“कुठली बाई?”

“दिसत नाही!”

“दिसत नाही म्हणजे? तुझा नंबर वाढला की काय?”

“अरे, अदृश्य आहे!”

“मग तिला बसायला सांग. एक गिऱ्हाईक खुर्चीत आहे, त्याला अक्षरं दाखवतो आणि येतो.”

मी फोन ठेवला. नवरे ना! इतक्यात स्पीकरमधून “थांब हं, पाणी आणते तुला” असं ऐकू आलं, मग फरफटणारी पावलं, मग धाडकन् काहीतरी पडलं, बादली गडगडली आणि सगळं चिडीचूप झालं.

आवाजाने सासूबाई उठून आल्या. “काय पाडलंस?”

“मी नाही, आई. तिने पाडलं!” मी स्पीकरकडे बोट दाखवलं.

सासूबाईंनी मला खालून वर पाहिलं. साबणाचे हात, फरशीवर बैठक, कडेवर बाळ. “रात्रभर जागरणं करतेस, मग असं होतं. ऊठ, मी चहा टाकते.”

आणि स्पीकर बोलला. या वेळी आवाज लांबून, खोल विहिरीतून आल्यासारखा, घुमत घुमत आला.

“कुणी आहे का?”

सासूबाईंच्या हातातून पातेलं सुटलं. पण बाई मुळात धीट. त्यांनी मोठा श्वास घेतला आणि उत्तर द्यायला तोंड उघडलं. मी झेप घेऊन त्यांचं तोंड दाबलं.

“उत्तर द्यायचं नाही, आई! राहायला येते!”

त्यांनी माझा हात झटकला. “अगं, साबण! माझ्याच स्वयंपाकघरात माझ्याच तोंडात साबण कोंबतेस?” मग आवाज एकदम खाली आला. “खरंच राहायला येते?”

“कायमची.”

सासूबाईंनी घरावर एक नजर फिरवली. आधीच इथे जागा किती आहे, हे त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं. त्या तोंडावर हात धरून खुर्चीत बसल्या.

मी कानाला फोन केला. तो दुसरं काम अर्धवट टाकून, सगळं सामान घेऊन, जिने तीन-तीन पायऱ्यांनी चढत आला. आल्या आल्या त्याने स्पीकरसमोर मान वाकडी केली. तेवढ्यात पुन्हा, “कुणी आहे का हो?” त्याच्या हातावर काटा उभा राहिलेला मला दिसला.

“ताई,” तो कुजबुजला, “काय आवाज आहे! किती स्वच्छ! अजिबात खरखर नाही!”

“तुला भीती वाटत नाहीये?”

“वाटतेय ना. पण आधी रेकॉर्ड करतो, मग घाबरतो.”

आणि इथे तुम्हाला प्रामाणिकपणे सांगते, माझ्यातली आई जरा मागे सरली आणि कलाकार पुढे आली. बाळ माझ्या कडेवर सुखरूप होतं. इतकी वर्षं आम्ही वटवाघळं आणि फुटके पाइप दाखवले. आज खरंखुरं, स्वच्छ आवाजाचं भूत आमच्या फ्रिजवर बसून बोलत होतं! मी एका हाताने कॅमेरा लावला. चिरंजीव माझ्या कडेवर बसून कानाच्या हेडफोनची वायर चावायला वाकत होते. स्पीकर अधूनमधून कण्हत होता आणि आम्ही तिघं श्वास रोखून त्याच्याकडे असे बघत होतो, जणू घरात लग्नाचं स्थळ येऊन बसलं आहे आणि आधी कोण बोलणार ते ठरत नाहीये.

“आई गं,” आवाज म्हणाला. “कुणीच नाही का?”

“बिचारी,” सासूबाई नकळत म्हणाल्या. “भूत असली तरी गुणी वाटते हो.”

“मला पुढची गोष्ट माहीत नाही,” मी म्हटलं. “उत्तर नाही दिलं तर ती किती वेळ थांबते? आजींना विचारायला हवं!”

“मग विचार की! खालीच तर आहेत.”

खाली जायची कुणाचीच तयारी नव्हती. मी आजींना फोन लावला. माझ्या कानात घंटी वाजू लागली.

आणि फ्रिजवर, स्पीकरमध्ये, लांबून कुठूनतरी टेलिफोन वाजू लागला!

मी घाबरून फोन बंद केला. स्पीकरमधला टेलिफोनही बंद.

“ताई,” कानाचा चेहरा खडूसारखा पांढरा झाला होता, “भुताकडे फोन आहे.”

मी पुन्हा लावला. इकडे घंटी, तिकडे घणघणाट. पोपडे पाडणारा, जुना, ओळखीचा घणघणाट! आणि त्यावर चिडलेला, कळवळलेला आवाज:

“अहो, ठेवू नका! फोन ठेवू नका! मी न्हाणीघरात पडलेय! इतकी वर्षं एक्स्चेंजमध्ये काढली, कधी एक फोन वाजता राहू दिला नाही, आणि आता उठता येईना!”

मी बाळाच्या खोलीत धावले आणि सशाला उचललं. सशाचा कान मोकळा होता. कानावर फक्त चिमट्याची खूण होती!

“आजी!” मी किंचाळले, जणू त्यांना स्पीकरमधून ऐकू जाणार होतं. “आहे! आहे आजी, मी आहे! आले!”

“दिलंस उत्तर,” सासूबाई म्हणाल्या आणि माझ्या आधी जिन्याकडे धावल्या.

जिना कसा उतरलो ते आठवत नाही. आजींचं दार नुसतं लोटलेलं होतं. सकाळी मी पायाने ओढलेलं, कुलूप न लागलेलं! आत खिडकीपाशी एक वेल कुंडीबाहेर लोंबत होता, पलीकडे कात्री ठेवलेली होती. हाच तो एवढुस्सा असलेला, वाढलेला, कापायचा आणि उचलून उन्हात न्यायचा लबाड! पण न्हाणीघराचं दार आतून बंद. घरात एकट्या असूनही आत गेलं की कडी लावायची आजींची सवय!

“आजी, कडी काढता येईल का?”

“पोरी, हात पोहोचला असता तर तुमच्यासाठी चहाही टाकला असता!”

कानाने दाराला खांदा मारला. दार जागचं हललं नाही, तो मात्र उडून चपलांच्या रॅकवर बसला. “जुनं सागवान आहे!” त्याने खांदा चोळत अभिप्राय दिला. सासूबाईंनी माझ्या कडेवरून बाळ घेतलं आणि दारावरच्या झरोक्याकडे बोट दाखवलं. “तुमची ती लांब काठी कुठे आहे? माणसांच्या डोक्यावर माइक धरता ती?”

कान तीन उड्यांत वर जाऊन काठी घेऊन आला. टोकाला मी केसांचा चिमटा वाकवून आकडा बांधला. मी स्टुलावर, कान स्टूल धरून, काठी झरोक्यातून आत.

“डावीकडे,” आतून आजी. “अजून डावीकडे. अगं तुझी डावी नव्हे, माझी! हां. आता खाली. थोडं वर. मघाशीचं बरं होतं.”

“आजी, दुखतंय का फार?”

“दुखतंय. पण तू आधी कडीकडे लक्ष दे! माझं लक्ष माझ्या पायाकडे आहेच.”

माणसांचा आवाज टिपायला सतत डोक्यावर नाचवलेली ती काठी आयुष्यात पहिल्यांदा खऱ्या कामाला आली. कडी खट्कन सरकली. आजी बादली आणि भिंत यांच्यामध्ये बसल्या होत्या, घोटा वांग्यासारखा सुजलेला, ओठ कोरडे पडलेले. स्वेटरवर माइक जसाच्या तसा आणि त्याचा तांबडा दिवा इमानाने लुकलुकत होता.

मी त्यांच्याजवळ ओल्या फरशीवरच बसले. त्यांचा हात बर्फासारखा गार होता. मी तो एका हातात घट्ट धरला आणि नेहमीच्या सवयीने दुसऱ्या हाताचं बोट त्यांच्या नाकाखाली नेलं.

“काय करतेस?” आजी म्हणाल्या.

“बघतेय.”

“आहे मी, आहे,” त्या म्हणाल्या आणि मग त्यांचा चेहरा एकदम लहान मुलीसारखा झाला. “मला वाटलं, आता सकाळी दूधवालाच येईल.”

मला रडूच फुटलं. चिरंजीवांनी मला साथ दिली. एवढ्यात दारात नवरा येऊन उभा राहिला, धापा टाकत, कपाळावर कुणाचा तरी चष्मा तसाच. “अदृश्य बाई कुठे आहे?” त्याने विचारलं. आजींनी हात वर केला.

दवाखान्यात डॉक्टरांनी घोट्याचं हाड मोडल्याचं सांगितलं आणि वर म्हणाले, “साखर चांगलीच खाली गेली होती. आणखी थोडा वेळ गेला असता तर अवघड होतं. कसं कळलं तुम्हाला?”

“सशाने सांगितलं,” सासूबाई म्हणाल्या. डॉक्टरांनी त्यांचीही साखर तपासली.

मला त्या रात्री झोप लागली नाही. मी एकच विचार करत होते. मी खरोखरच माझ्या बढाईइतकी दक्ष असते, तर? माइक वेळेवर काढून घेतला असता, दार नीट ओढून कुलूप लावलं असतं, वायर बाळाच्या तोंडाजवळ ठेवली नसती, तर? मी शेजारच्या उशीकडे पाहिलं आणि चिरंजीवांच्या दोन दातांचे मनापासून आभार मानले.

प्लास्टर घातलेल्या आजींना तळमजल्यावर एकट्या कसं सोडणार? त्यांची मुलगी लांब राहते, तिला यायला वेळ लागणार होता. सासूबाईंनीच फर्मान काढलं, “आपल्याकडे आणा! बाहेरच्या खोलीत पलंग टाकू.” नवरा आणि कान यांनी आजींना खुर्चीत बसवून दोन मजले वर आणलं. मागून कुंडीतला वेल आला. त्याच्या मागून काळा फोन आला.

मुलगी आली, चार दिवस राहिली आणि आईला इथे बरं वाटतंय हे बघून परत गेली. प्लास्टर निघालं. आजी निघाल्या नाहीत! दिवसा सशाचा माइक स्वेटरला लावून खाली जातात, झाडांना दटावतात आणि संध्याकाळी हातात उशी घेऊन वर येतात. आता झोपायच्या वेळी बाळाच्या उशाशी बसून त्या गुणगुणतात, चिरंजीव दोन मिनिटांत गाढ झोपतात आणि आई झाल्यापासून पहिल्यांदा मी सलग, तोंड उघडं टाकून झोपते. माझं गार बोट आता निवृत्त झालं आहे. सासूबाईंनाही टीव्ही बघायला सोबत मिळाली. मालिकेत कुणी दुष्टपणा केला की दोघी एकदम ओरडतात.

माहितीपट मात्र अडला आहे. आजवर मी प्रत्येक कोडं शेवटी उलगडून दाखवलं. या वेळी काय दाखवू? गोष्टीत सांगितलं होतं की गुणगुणणारी येते, उशाशी बसते, ‘कुणी आहे का’ विचारते आणि जो उत्तर देतो त्याच्याकडे कायमची राहायला येते. शब्द न् शब्द खरा निघाला! कान म्हणतो, “ताई, हे पहिलंच भूत, जे आपल्याला सोडवता आलं नाही.” मी म्हटलं, सोडवायचंय कुणाला?

आजींनी मात्र गोष्ट पुन्हा चित्रित करून घेतली. “उत्तर द्यायचं नाही, हे काढून टाक,” त्या म्हणाल्या. “आता असं सांगते, पहिल्या हाकेलाच उत्तर द्यायचं. न्हाणीघराची फरशी फार गार असते.”

म्हणून म्हणते, हे वाचून झालं की पान मिटा आणि जरा उठा. तुमच्या वर, खाली, समोरच्या दारामागे कुणीतरी एकटं राहत असेल. त्यांचा नेहमीचा खोकला, रेडिओ, नळाचा आवाज आज आला का? आठवत नसेल तर जा, दार वाजवा, विचारा, “कुणी आहे का?” आतून “आहे!” आलं की तुमचा जीव भांड्यात पडेल. नाही आलं, तर लांब काठी घेऊन मला बोलवा.

मीही आत्ता उठतेच. आजी खाली झाडांपाशी आहेत आणि मघापासून फ्रिजवरचा स्पीकर गप्प आहे. म्हणजे एकतर त्या झाडांवर रुसल्या आहेत, नाहीतर सशाचा माइक मी आज भलत्याच कुणाला तरी लावून आले आहे!